आखाड्यावरच्या कुत्र्याला दिवसभर पाणी: घरच्या घरी काय जमवता येईल

प्रश्न थोडक्यात असा आहे. परभणी जिल्ह्यातल्या सेलू तालुक्यात शेत, गावापासून लांब आखाडा, म्हणजे शेतातली खोली-गोठ्याची जागा. सालगड्याचं साल पाडव्याला संपलं आणि नवा गडी अजून ठरलेला नाही. राखणीला एक कुत्रा आहे, वजन पंचवीस किलोच्या आसपास. मालक सकाळी आणि संध्याकाळी चक्कर टाकतात. मधल्या वेळात कुत्रा भांडं लवंडतो, नाहीतर शेळ्या येऊन पिऊन जातात, आणि उरलंच तर दुपारी ते कढत झालेलं असतं. घरात पाण्याचा २० लिटरचा जार पडून आहे, ठिबकचे तुकडे आहेत. त्यातून काही करता येईल का, की चाटायचं निपल (चाटलं की थेंबथेंब पाणी देणारी तोटी) विकत आणावं? शिवाय शेजारी म्हणतात, कुत्र्याला कशाला असली थेरं, त्याचं ते शोधतं.

जनावरांचा दवाखाना चालवता चालवता अशा जोडण्या पुष्कळ पाहिल्या, काही करूनही दिल्या, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

शेजाऱ्यांचं आधी घेऊ. कुत्रं पाणी शोधतं हे खरं, पण एप्रिल-मेमध्ये शोधणार कुठं? ओढे होळीच्या आगेमागे कोरडे पडतात, विहिरी खोल जातात. राहतं ते शेततळं, आणि त्याला प्लॅस्टिकचा कागद अंथरलेला असेल तर तीच सगळ्यांत धोक्याची जागा. पाणी जसं खाली जातं तसा कागदाचा उघडा उतार लांबत जातो. तहानलेलं कुत्रं उतरतं, पुढचे पाय शेवाळलेल्या ओल्या कागदावर पडले की घसरतं, आणि वर यायला नखांना काही धरायलाच मिळत नाही. पोहता येतं म्हणून काही वेळ तग धरतं, मग दमून बुडतं. तुमच्याकडे किंवा बांधाला लागून असं तळं असेल तर आजच्या आज काठावर खुंट्या ठोकून चारी बाजूंनी जाड दोर पाण्यात सोडा, आणि दोराला हातहात अंतरावर जुने टायर किंवा बांबूचे आडवे तुकडे बांधा. कुत्रा, हरीण, कुणाचं लेकरू, जो पडेल त्याला चढायला काहीतरी मिळेल. आणि शेजाऱ्यांना हेही सांगा की पाळलेल्या जनावराला पुरेसं पाणी न देणं हा १९६० च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्यानं मालकाचा गुन्हा आहे.

आता पाणी लागतं किती? साधा हिशोब असा की किलोमागे दिवसाला ५० ते ६० मिलिलिटर. म्हणजे तुमच्या पंचवीस किलोच्या कुत्र्याला हिवाळ्यात सव्वा ते दीड लिटर. हा आकडा सावलीत बसलेल्या, धड प्रकृतीच्या कुत्र्याचा. परभणीकडच्या मेमध्ये, ४२-४३ अंशांत, तोच कुत्रा अडीच-तीन लिटरही पितो, आणि दूध पाजणारी कुत्री असेल तर त्याहून जास्त. कुत्र्याला अंगभर घाम येत नाही. घामाच्या ग्रंथी असतात त्या मुख्यतः तळपायाच्या गाद्यांना, आणि त्यांनी अंग थंड होत नाही. तो थंड होतो धापा टाकून, म्हणजे जिभेवरची आणि श्वसनमार्गातली ओल वाऱ्यावर उडवून. उन्हाळ्यात धापा टाकणं म्हणजे तासातासाला अंगातलं पाणी खर्च करणं. ते भरून निघालं नाही तर अंगाचं तापमान, जे एरवी १०१ ते १०२.५ फॅरेनहाइट असतं, ते चढत जातं, आणि १०५-१०६ च्या पुढं गेलं की मग पाण्यानं भागत नाही, दवाखानाच गाठावा लागतो.

खाण्यावरही बरंच असतं. भाकरी ताकात किंवा कालवणात कुस्करून घालत असाल तर काही पाणी जेवणातूनच जातं. विकतचं कोरडं खाद्य घालत असाल तर सगळी मदार भांड्यावर.

निपलचं एका वाक्यात: आखाड्यासाठी नको. कुत्रा पाणी पितो ते जीभ मागच्या बाजूला, हनुवटीकडे वळवून. ती पाण्यावर आपटून झटक्यानं वर ओढतो, तिच्यामागं पाण्याचा एक खांब उठतो आणि तो खाली पडायच्या आत तोंड मिटतो. हे सगळं मोकळ्या पाण्यावर होतं, आणि पाणी किमान दोन-तीन इंच खोल असलं तर नीट होतं. निपल चाटायला कुत्रा शिकतो, पिंजऱ्यात किंवा प्रवासात ते ठीक. पण धापा टाकणाऱ्या मोठ्या कुत्र्याला थेंबाथेंबानं पुरत नाही. विजेवर चालणारी कारंजी मिळतात, त्यांचं तर नावच नको. शेतीची लाईट पाळीनं येणार, आणि कुत्रं वायर चावणार.

राहिले दोन प्रकार. एक हवेच्या दाबावरचा, दुसरा बॉल कॉकचा, म्हणजे पाणी भरलं की तरंगत्या चेंडूनं आपोआप बंद होणाऱ्या नळाचा. दोन्ही घरगुती सामानात होतात, पण तुमच्यासाठी मी दुसरा सुचवेन. का, ते पहिल्यातच कळेल.

हवेच्या दाबाचं तत्त्व कोंबड्यांच्या पाण्याच्या भांड्यात तुम्ही रोज पाहता. बंद डब्याला खाली एकच भोक, डबा पसरट भांड्यात उभा. भोक पाण्याखाली गेलं की आत हवा शिरत नाही, आणि हवा शिरल्याशिवाय पाणी बाहेर येत नाही. कुत्र्यानं पिऊन पातळी खाली आली, भोक उघडं पडलं, की गुडगुड करत हवा आत जाते, तेवढंच पाणी बाहेर येतं, भोक परत बुडतं. जार उलटा टांगायची गरज नाही. २० किलोचं ओझं उलटं तोलायला घडवंची करत बसण्यापेक्षा डबा सरळ उभा ठेवणं केव्हाही बरं. यासाठी खाण्याच्या तेलाचा १५ लिटरचा, फिरकीच्या झाकणाचा प्लॅस्टिकचा कॅन उत्तम. तुमचा जार इथं चालत नाही, कारण त्याचं झाकण दाबून बसणारं असतं, हवा धरत नाही.

कॅनला बुडापासून दोन इंचांवर भोक पाडा. अंगठा जाईल एवढं पाडा, १६ मिलिमीटरच्या खाली नको. लहान भोकात पाणी बाहेर आणि हवा आत अशी दोन्ही वाहतूक एकदम होत नाही, पाणी तोंडाशी अडून राहतं, आणि लोक म्हणतात यंत्र बिघडलं. झाकणाच्या आत सायकलच्या ट्यूबची चकती कापून बसवा. भांडं सपाट बुडाचं, पसरट, कपडे भिजवायच्या टबासारखं घ्या, सोळा इंच रुंद. त्याचा काठ भोकाहून निदान एक इंच उंच हवा. कॅन मधोमध न ठेवता एका कडेला सरकवून ठेवा, म्हणजे पुढं कुत्र्याच्या तोंडाला ऐसपैस जागा राहते. भरताना भोकात बूच मारा, कॅन काठोकाठ भरा, झाकण आवळा, मग बूच काढा.

वरच्या एका इंचाची गोष्ट महत्त्वाची आहे. कॅन निम्म्याहून जास्त रिकामा झाला की आत हवा साठते, आणि आपल्याकडच्या उन्हात ती फुगते. १० लिटर हवा सकाळच्या २५ अंशांवरून दुपारी ४० वर गेली की नुसत्या फुगण्यानं अर्धा लिटर जागा जास्त मागते. वर पाण्याची वाफ धरली तर ती लिटरभराच्या घरात जाते. ते सगळं पाणी भोकातून बाहेर ढकललं जातं. टब रुंद असेल आणि काठाला इंचभर वाव असेल तर हे पाणी टबातच मावतं, कुत्रा पिऊन टाकतो. अरुंद ताटली असेल तर ते जमिनीत जातं, आणि संध्याकाळी तुम्ही कुत्र्याला किंवा शेळ्यांना दोष देता. उलट्या बाटलीच्या जोडण्या हिवाळ्यात छान चालतात आणि एप्रिलमध्ये 'गळायला' लागतात, त्याचं कारण बहुतेक वेळा हेच. उपाय दोन: कॅनवर पूर्ण सावली, आणि रोज सकाळी काठोकाठ भरणं, म्हणजे आत हवाच कमी राहील. घराच्या व्हरांड्यात हे जमतं. आखाड्यावर, जिथं एखाद्या दिवशी जाणं चुकू शकतं, तिथं मी यावर भिस्त ठेवणार नाही.

म्हणून बॉल कॉक. पण नळाच्या दुकानात जाऊन 'टाकीचा बॉल कॉक द्या' म्हणू नका. कुलरचा मागा. जालना, परभणी, नांदेड, कुठंही कुलर दुरुस्तीवाल्याकडे तो प्लॅस्टिकचा हलका कॉक मिळतो. तो कमी दाबावर उघडतो आणि कमी दाबावरच नीट बंद होतो, आणि आपल्याला नेमकं तेवढंच हवंय. उंच टाकीवरून थेट जोडला तर हाच कॉक दाबाला पुरा पडत नाही आणि झिरपत राहतो.

आणि थेट टाकीला जोडायचंच नाही, हे माझं या विषयातलं सगळ्यांत ठाम मत. बॉल कॉक आज ना उद्या झिरपतो. बोअरच्या जड पाण्याचा क्षार आतल्या रबरावर पांढरा थर धरतो, किंवा वाळूचा एक कण अडकतो, आणि सेकंदाला एक थेंब गळायला लागतो. सेकंदाला एक थेंब म्हणजे दिवसाला चार लिटरांच्या वर. हजार लिटरच्या टाकीला हे कळतसुद्धा नाही. कॉक पुरता अडकला तर रात्रीतून टाकी रिकामी. २०१६ च्या उन्हाळ्यात लातूरला मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं; त्या मुलखात कुत्र्याच्या भांड्यासाठी अख्खी टाकी पणाला लावू नये. तुमचा जार हीच टाकी. तो गळाला तर २० लिटर गेले, आणि तेही दुसऱ्या दिवशी जार बघताच लक्षात येतं.

जोडणी अशी. जारचा गळा खांद्यापासून कापून टाका. नासधूस वाटेल, पण मुद्दाम सांगतोय: ज्या भांड्यात आपला हात कोपरापर्यंत जात नाही ते आतून घासता येत नाही, आणि जे घासता येत नाही ते महिन्याभरात आतून बुळबुळीत होतं. कापलेल्या कडेची धार कानशीनं घासून बोथट करा. बुडापासून दोन इंच वर, जिथं जारच्या अंगाला वळ्या नाहीत अशा सपाट पट्ट्यावर, अर्ध्या इंचाचं टँक निपल (टाकीच्या भोकात बसवायचा आट्यांचा जोड) बसवा. दोन इंच वर यासाठी की गाळ खाली बसून राहील. कडक जार तापल्या खिळ्यानं तडकतो, ड्रिल हळू फिरवत न्या. निपलच्या दोन्ही बाजूंना रबरी वॉशर, आट्यांवर टेफ्लॉन टेपचे आठ-दहा वेढे, आटे फिरतात त्याच दिशेनं. ठिबकचा ग्रोमेट (भोकात बसवायची रबरी कडी) थेट जारला लावायचा मोह होईल, नको. तो जाड पाइपासाठी असतो, जारच्या पातळ अंगात तो धरत नाही.

निपलपुढं ठिबकचाच छोटा कॉक, मग १६ मिलिमीटरची नळी. अर्ध्या इंचाच्या आट्यांवरून १६ च्या नळीवर येणारा जोड ठिबकच्या दुकानात मिळतो. नळी जमिनीत वीतभर खोल पुरा. काळी नळी उन्हात उघडी पडली तर तिच्यातलं पाणी चटका बसेल इतकं तापतं, आणि वर कुत्र्याला चावायला आयतंच खेळणं होतं. जार दगडांच्या ओट्यावर असा ठेवा की त्याचं बूड टबाच्या (वर सांगितला तसाच सोळा इंची) काठाहून हातभर वर राहील. तेवढा दाब कुलरच्या कॉकला पुरतो.

बॉल कॉक टबाच्या भिंतीला, काठाखाली इंचभर. नट हातानं आवळा, मग पान्यानं पाव फेरा, बस. जास्त आवळलात तर प्लॅस्टिकचे आटे जातात. चेंडूची दांडी वाकवून किंवा तिचा स्क्रू फिरवून पातळी अशी ठेवा की भरलेलं पाणी कॉकच्या तोंडाच्या इंचभर खाली थांबेल; नाहीतर जार रिकामा झाल्यावर टबातलं उष्टं पाणी नळीत मागं ओढलं जाऊ शकतं. आता चेंडू झाका. कुत्र्याला हलणारा चेंडू दिसला की तो चावणारच, त्यात त्याचा दोष नाही. टबाच्या त्या अर्ध्या भागावर एक जाड फळी आडवी टाका, तिच्यावर दोन विटा. फळीचा दुसराही फायदा आहे: मेमध्ये उघड्या पाण्याची पातळी नुसत्या वाफेनं दिवसाला सेंटिमीटरभर उतरू शकते. सोळा इंची टबात ते लिटरभराच्या आसपास पाणी झालं. कुत्र्याच्या तोंडापुरतीच जागा उघडी ठेवली की तेवढं वाचतं, आणि कावळे-खारी आत पडत नाहीत.

पहिल्यांदा भरल्यावर सगळे जोड कोरड्या फडक्यानं पुसा, खाली वर्तमानपत्र अंथरा, आणि तासाभरानं कागद बघा. ओला डाग जिथं, गळती तिथं.

डब्यांबद्दल एक गोष्ट ओरडून सांगावीशी वाटते. फवारणीच्या औषधाचा कॅन, कितीही वेळा धुतलेला असो, माणसाच्या नाही आणि कुत्र्याच्याही पाण्याला वापरायचा नाही. प्लॅस्टिक औषध धरून ठेवतं. कापूस-सोयाबीनच्या फवारणीच्या दिवसांत, औषध कालवलेल्या टबातलं किंवा पंप विसळलेलं पाणी प्यायलेली जनावरं दवाखान्यात येतात: तोंडाला फेस, अंगभर थरथर, बाहुल्या टाचणीच्या टोकाएवढ्या झालेल्या, हगवण. अशा वेळी घरगुती उपाय करत बसू नका, औषधाची बाटली सोबत घेऊन थेट डॉक्टर गाठा. बाटलीवरच्या नावावरून आमचा वेळ वाचतो.

जागा निवडताना सकाळी सावली बघू नका, दुपारी तीन वाजता जाऊन बघा. परभणीच्या अक्षांशावर मेच्या मध्यात दुपारी सूर्य बरोबर डोक्यावर येतो आणि नंतर जूनभर थोडा उत्तरेकडे कलतो. त्यामुळं भिंतीच्या उत्तरेची जी सावली थंडीत दिवसभर मिळते, ती ऐन उन्हाळ्यात दुपारी जवळपास नाहीशी होते. तुमच्या खोलीच्या पूर्वेची बाजू धरा, दुपारनंतर तिथं सावली असते. सकाळच्या उन्हासाठी तुराट्यांचा कूड उभा करा, वर पऱ्हाट्यांचा मांडव. लिंबाखाली जागा असेल तर प्रश्नच नाही. पत्र्याखाली मात्र नको, पत्र्याखालची सावली ही नुसती दिसायला सावली. जारला बारदाना गुंडाळून सुतळीनं बांधा आणि सकाळी-संध्याकाळी जाल तेव्हा भिजवा. आपली हवा कोरडी, त्यामुळं बारदाना माठाचं काम चांगलं करतो, शिवाय उजेड अडल्यानं आत शेवाळ धरत नाही. हात बुडवून गार लागलं पाहिजे एवढंच. बर्फ घालायची गरज नाही.

शेळ्यांचं उत्तर यंत्रात नाही. त्यांना वेगळा हौद भरून द्या, नाहीतर शेळ्या ज्याच्या त्याच्याशी बोला. शेळ्यांच्या कळपानं मनावर घेतलं तर २० लिटर दुपारपर्यंत टिकायचे नाहीत. कूड असा बांधा की कुत्रा अंग चोरून खालून आत जाईल; मोठी शेळी तिथून शिरत नाही, करडं शिरतात, तेवढं सोसा.

कुत्रा दिवसा बांधलेला असतो का, हे तुम्ही लिहिलं नाही. असेल तर सगळ्यांत आधी साखळीचं बघा. उन्हाळ्यात आमच्याकडे येणाऱ्या उष्माघाताच्या कुत्र्यांत हा प्रकार नेहमीचा: सावली सरकली म्हणून कुत्रा झाडाभोवती फिरत राहिला, साखळीचे वेढे बसत गेले, आणि शेवटी भरलेल्या भांड्यापासून हातभर अंतरावर गळा आवळून पडला. खोडाला बांधायचंच नाही. दोन खांबांमध्ये कमरेच्या उंचीवर तार ताणा, तिच्यात कडी ओवा, साखळी त्या कडीला. तारेच्या एका टोकाला पाणी, आणि तारेखाली एकही खुंट, दगड, नळी नको. जार आणि टब साखळीच्या वेढ्यात येतील असे ठेवू नका. कुत्र्याचं फक्त तोंड टबापर्यंत पोचेल, ओट्यापर्यंत अंग नाही.

उष्माघाताची शंका आली, म्हणजे थांबता न येणारी धाप, लालभडक हिरड्या, झोक जाणं, तर सावलीत घेऊन साध्या पाण्यानं अंग भिजवा, पोट आणि जांघा आधी, वारा घाला आणि निघा. शुद्ध हरपत असेल तर तोंडात पाणी ओतू नका, ते फुप्फुसात जातं.

आता स्वच्छता. रोज नाही जमलं तरी तिसऱ्या दिवशी टब रिकामा करून काथ्यानं घासायचाच. आतून बोट फिरवल्यावर निसटतं लागलं, तर तो जंतूंचा थर; नुसतं विसळून तो जात नाही, घासावाच लागतो. आठवड्यातून एकदा ठिबकचा कॉक बंद करून जार आणि टब दोन्ही पूर्ण कोरडे करा. डेंग्यूचा डास अंड्यापासून पंख फुटेपर्यंत साधारण आठवडा ते दहा दिवस घेतो, म्हणून कोरडा दिवस आठवड्याचा असतो, आणि आशाताई भांडी बघायला आल्या तर कुत्र्याचा टबही दाखवा. ग्रामपंचायतीत ब्लीचिंग पावडर असते. बादलीभर पाण्यात चहाचा चमचाभर टाकून त्यानं भांडी धुवा, दहा मिनिटं ठेवा, दोनदा विसळा. क्षार चढला तर लिंबूसत्वाच्या पाण्यात कॉकचा चेंडू आणि रबर रात्रभर बुडवून ठेवा. फिनेल कुत्र्याच्या भांड्याच्या आसपाससुद्धा नको. जारवर झाकण हवंच, कारण उंदरांच्या लघवीतून लेप्टोस्पायरोसिस पसरतो, आणि तो कुत्र्याकडून माणसापर्यंत येतो. कुत्र्याला त्याची लस मिळते, रेबीजच्या लशीसोबत विचारून घ्या.

मधमाश्यांचं विसरू नका. उन्हाळ्यात त्या पाण्यावर येतात, आणि कुत्रा तोंड घालायला गेला की नाकावर डसतात. थोड्या अंतरावर एका परळात खडे टाकून त्यात पाणी ठेवलं तर त्या तिकडं वळतात. एरवीही एक साधं भरलेलं भांडं दुसऱ्या सावलीत ठेवलेलंच बरं. कॉक अडकून बंद राहिला तर ते संध्याकाळपर्यंत तारून नेतं.

सगळ्या यंत्रांचा एक तोटा असतो: भांडं कायम भरलेलं दिसतं, त्यामुळं कुत्रा किती पितोय हे मालकाला कळेनासं होतं. म्हणून जारवर बाहेरून, बारदान्याला एक फट ठेवून, लिटरालिटराच्या खुणा करा. लिटरच्या बाटलीनं मोजत भरा आणि दर लिटरला मार्करनं रेघ मारा. रोज संध्याकाळी रेघ बघायची, मोबाइलमध्ये आकडा टाकायचा. वाफेचा अंदाज हवा असेल तर तसाच दुसरा टब कुत्र्याला पोचणार नाही असा एक दिवस ठेवून बघा.

या आकड्याचा उपयोग मोठा आहे. वाफ वजा करून किलोमागे १०० मिलिलिटरांच्या वर, म्हणजे तुमच्या कुत्र्यात अडीच लिटरांच्या वर पाणी उन्हाळा नसताना जात असेल, तर ते तपासणीचं कारण आहे. मधुमेह, मूत्रपिंडाचा आजार, आणि कुत्री असेल तर माजावर येऊन गेल्यानंतरच्या आठवड्यांत गर्भाशयात पू होणं, या तिन्हींत पहिलं लक्षण बऱ्याचदा हेच असतं, आणि ते दिसतं फक्त ज्यानं मोजलं त्यालाच. ऐन मेमध्ये अडीच-तीन लिटर गेले तर घाबरू नका. तोच आकडा श्रावणात दिसला तर दवाखान्यात या. परभणी आणि उदगीर, दोन्हीकडे पशुवैद्यकीय महाविद्यालयं आहेत, रक्त-लघवीची तपासणी तिथं होऊ शकते.

पाणी एकदम कमी झालं तर आधी जोडणी बघा: कॉक अडकलाय का, नळी दबलीय का. ती ठीक असेल तर कुत्र्याला बघा. गोचीड ताप आपल्याकडे नेहमीचा, त्यात कुत्रा खाणं-पिणं सोडतो. पण पाण्यात तोंड घालतोय आणि गिळता येत नाही, लाळ गळतेय, आवाज बदललाय, खालचा जबडा लोंबतोय, असं दिसलं तर 'घशात हाड अडकलं' म्हणून तोंडात हात घालू नका. रेबीज झालेला कुत्रा पाण्याला घाबरतोच असं नाही; पुष्कळदा तो प्यायला जातो, पण घसा लुळा पडल्यानं त्याला गिळता येत नाही. लांब राहा, लेकरांना लांब ठेवा आणि डॉक्टरांना बोलवा. लाळ अंगाला लागली असेल किंवा ओरखडा असेल तर जखम साबणानं वाहत्या पाण्याखाली पंधरा मिनिटं धुवून त्याच दिवशी सरकारी दवाखान्यात लस सुरू करा.

सवय लावायला फार काही लागत नाही. जुनं भांडं लगेच उचलू नका, टबाशेजारी ठेवा. त्यातलं पाणी रोज थोडं कमी करत न्या. काही कुत्री कॉक उघडल्यावरच्या सुरसुर आवाजाला बिचकतात. तुम्ही तिथं असताना टबातलं पाणी ओंजळीनं काढून टाका, कॉक सुरू होऊ द्या, आणि तेव्हाच भाकरीचा तुकडा टबाजवळ टाका. नवा सालगडी ठरला की त्याला दोनच गोष्टी दाखवून ठेवा: ठिबकचा कॉक कसा बंद होतो, आणि रेघ कुठं बघायची.